मरून आलेली मंगल

त्वचेच्या डॉक्टरचा पेशंट कधी मरत नाही, अशी आमच्या घरात पक्की समजूत होती. मी ही शाखा घेतली तेव्हा जामनेरला आमच्या आबांनी गल्लीत पेढे वाटले. पोरीच्या दवाखान्यात रडारड होणार नाही आणि अवेळी कुणी दार वाजवणार नाही, एवढाच त्यांचा हिशेब. तो बराचसा बरोबर निघाला. धुळ्यात एका गल्लीत पहिल्या मजल्यावर मी आयुष्यभर दवाखाना चालवला आणि त्यातला बहुतेक वेळ गजकर्ण, खरूज, नायटा आणि केस गळणं यांतच गेला. लग्न चार दिवसांवर आलेला नवरदेव गोरं करून मागायचा. एका कापड दुकानदार शेठजींना दर लग्नसराईत मनगटाला खाज सुटायची आणि ते दर वेळी सुनेच्या स्वयंपाकाला दोष द्यायचे. खाज त्यांच्या ठेवणीतल्या घड्याळाच्या पट्ट्यामुळे होती. हे सांगितल्यावर शेठजी माझ्यावरच रुसले. सुनेने मात्र पुढे मला दर दिवाळीला फराळ पाठवला.

आमचं काम दिसायला सोपं. बघायचं, हात लावायचा, चोळून पाहायचं. पोटातला रोग मशीनमधून शोधावा लागतो. कातडीवरचा समोर बसलेला असतो. पण समोर बसलेलं दिसतंच असं नाही, हे मला मंगलने शिकवलं. तिची गोष्ट तिच्या परवानगीने लिहिते आहे. नावं बदलली आहेत, गावाचं नाव देत नाही. पांझरा नदीच्या काठचं गाव आहे, एवढं पुरे.

मंगलला मी प्रत्यक्ष भेटण्याआधी मोबाइलवर पाहिलं. त्या दिवसांत आमच्या भागात एक व्हिडिओ फिरत होता. मला तो भाजीवालीनेही दाखवला आणि एका वकिलानेही. घराच्या ओसरीवर एक बाई जमिनीवर आडवी ठेवलेली, डोक्याशी दिवा, आजूबाजूला बायका रडताहेत. कुणीतरी तिच्या तोंडात पाणी घालतं, ते ओठाच्या कडेने खाली ओघळतं. मग तिची बोटं हलतात. रडणं एकदम थांबतं. बाई कुशीवर होते, हाताचा आधार घेऊन उठून बसते आणि समोर बघते. ज्याच्या हातात मोबाइल होता तो पळाला असावा, कारण पुढे फक्त आभाळ आणि पत्र्याची कड दिसते.

मी तो एकदाच पाहिला. लोक काय काय बनवतात, असं म्हणून सोडून दिला.

काही दिवसांनी तीच बाई माझ्या टेबलासमोर येऊन बसली. सोबत तिचा नवरा हिरामण आणि सासरे, ज्यांना सगळे नाना म्हणत. मंगल चाळिशीच्या अलीकडची, उंच, खाली मान घालून बसलेली. बोलले ते नाना. ही मंडळी माझ्याकडे रोग दाखवायला आलेली नव्हती. गावात बैठक बसवायची होती, तिच्या अंगातलं उतरवायला भगत यायचा होता. त्याआधी हिरामणने हट्ट धरला म्हणून नाना एकदा डॉक्टरचं तोंड बघायला तयार झाले होते.

नानांनी सांगितलं ते असं. मंगलला न्हाणीत काहीतरी धरतं. संध्याकाळी शेतातून आल्यावर ती कढत पाण्याने अंघोळ करते. तिथे आधी तिचे तळहात-तळपाय खाजतात, मग तोंड लालभडक होतं, पोटात कळ येते आणि ती पडते. एकदा शेतात गांधीलमाशी चावल्यावर अशीच पडली. शेवटच्या वेळी दाढ दुखत होती म्हणून गोळी घेतली आणि त्यावर अंघोळ केली. त्या वेळी नाडी लागेना, अंग गार पडलं. गावच्या कंपाउंडरनेही मान हलवली. नातेवाइकांना फोन गेले. आणि मग ती उठून बसली.

त्यानंतर तिच्या हातचं पाणी कुणी घेत नव्हतं. तिचं ताट वेगळं झालं होतं. पोरगी पूनम, नऊ वर्षांची, आजीजवळ झोपायची. आईच्या खोलीत जायची नाही. तिला कुणी अडवत नव्हतं, असं नाना म्हणाले. तीच जात नव्हती.

नाना तिच्याकडे न बघता मला म्हणाले, "आमनी मंगल नही ती. मंगल गयी. हाई दुसरं कोनी उनं शे."

आपली सून गेली आणि तिच्या अंगात दुसरंच कुणी आलं, हे त्या माणसाने अगदी शांतपणे सांगितलं. आवाजात राग नव्हता. दुःख होतं. सून त्यांची लाडकी होती, हे मला नंतर समजलं.

मी मंगलला पडद्यामागे नेलं. पोटावर, पाठीवर, मांड्यांवर तपकिरी डाग होते, भिजवलेल्या मसुराच्या डाळीएवढे, शेकड्यांनी. काही सपाट, काही किंचित उचललेले. बरीच वर्षं आहेत, म्हणाली. दुखत नाहीत म्हणून कुणाला दाखवले नाहीत. मी पेनाच्या मागच्या टोकाने दंडावरचा एक डाग चोळला आणि वाट पाहिली.

डाग लाल झाला. मग फुगला. कडेने लाली पसरली आणि मधला भाग उकडलेल्या दाण्यासारखा वर आला. शेजारचे न चोळलेले डाग तसेच निवांत होते. पुस्तकात मी हे शिकले होते, चित्रंही पाहिली होती. पण आपण ज्याला हात लावला तेवढंच कातडीखालून उठून वर येतं, हे डोळ्यांसमोर बघणं वेगळं. माझ्या शाखेत ही एक फार महत्त्वाची खूण आहे. मला रोग सापडला होता. मी उत्साहाने नानांना आत बोलावलं आणि त्यांच्यासमोर दुसरा डाग चोळला.

नाना दोन पावलं मागे सरकले. त्यांची पाठ भिंतीला लागली.

"देखा, ताई," ते म्हणाले. "हात लावताच जागं व्हस ते."

मी जो पुरावा म्हणून दाखवला, तोच त्यांचाही पुरावा झाला होता. मंगल दंड झाकून उभी होती आणि दोघांकडे आळीपाळीने बघत होती, जणू निकाल तिच्याबद्दल नाही, तिच्या आत बसलेल्या कुणाबद्दल लागायचा होता.

हा रोग काय आहे ते इथे सांगते, तसंच मी त्यांना त्या दिवशी सांगितलं. आपल्या कातडीत पहारेकरी पेशी असतात. त्यांना मास्ट पेशी म्हणतात. प्रत्येकीजवळ तिखट मसाल्याने भरलेल्या पुड्या असतात. बाहेरचं काही आत घुसलं की त्या पुडी फोडतात. तेवढी जागा लाल होते, सुजते, खाजते. डास चावल्यावर गांध उठते ती याच कामामुळे. कुणाच्या अंगात या पेशी गरजेपेक्षा फार जास्त होतात आणि जागोजागी गठ्ठ्याने बसतात. तेच हे डाग. एवढ्या पहारेकऱ्यांना शत्रू लागत नाही. चोळलं, कढत पाणी पडलं, माशी चावली, दुखण्यावरची एखादी गोळी पोटात गेली, की ते पुड्या फोडतात. थोड्यांनी फोडल्या तर डाग उठतो. सगळ्यांनी एकदम फोडल्या तर रक्तवाहिन्या सैल पडतात, रक्तदाब कोसळतो आणि माणूस मेल्यासारखा पडतो. कधीकधी खरंच मरतो. रोगाचं नाव मास्टोसायटोसिस. दवाखान्याच्या इतक्या वर्षांत मोठ्या माणसात तो मी त्याआधी पाहिलेला नव्हता.

हिरामण लक्ष देऊन ऐकत होता. नानांनी एकच प्रश्न विचारला: पहारेकरी आहेत तर त्यांना कोण उठवतं? मी पुन्हा कढत पाण्यापासून सुरुवात केली. ते ऐकल्यासारखं करत राहिले.

ते दोघं बाहेर गेल्यावर मी मंगलला पडायच्या आधी काय होतं ते विचारलं. तिने हळू आवाजात सांगितलं. आधी खाज. मग कानात पाण्याचा आवाज. मग तिला पक्कं कळतं की आपण आता मरणार. आणि त्याच वेळी पाठीमागे कुणीतरी येऊन उभं राहतं. वळून बघायच्या आत सगळं काळं होतं.

मी तिला म्हटलं की मरणाची ही खात्री वाटणं हासुद्धा रोगाचाच भाग आहे. जगभरच्या पेशंटना असंच वाटतं, रक्तदाब पडताना मेंदूला ते कळतं. तिने मान डोलावली. मग म्हणाली, "ताई, एक विचारू? मी उठून बसले तेव्हा सगळे माझ्याकडे जसे बघत होते, तेव्हापासून मलाच वाटतं. मी परत आले, की दुसरंच कुणी आलं? मला पूनमचं सगळं आठवतं. पण दुसरं कुणी आलं असेल तर त्यालाही आठवत असेल ना?"

मी तिच्या एका डागाचा छोटा तुकडा काढला, टाका घातला आणि तपासणीला पाठवला. तो अहवाल मला वाटलं होतं तसाच आला: सूक्ष्मदर्शकाखाली त्या पेशींची दाटी, जत्रेत उभी असावी तशी. रक्त मुंबईला गेलं. पुढे मोठ्या दवाखान्यात हाडाच्या आतल्या मगजाची तपासणीही झाली. रोग कातडीपुरता नव्हता, आतही होता, पण संथ प्रकारचा. या प्रकारात माणूस पूर्ण आयुष्य जगू शकतो, जर एखादा झटका त्याला घेऊन गेला नाही तर. तो झटका थांबवणं हे आमचं काम.

रोजच्या गोळ्या सुरू केल्या. कोमट पाणी. अंग घासायचं नाही. दुखण्यावरची कुठली गोळी चालेल ती एकच सांगितली. आणि हिरामणला कोसळता रक्तदाब सावरणारं अ‍ॅड्रिनॅलिनचं इंजेक्शन द्यायला शिकवलं. परदेशात त्याचं तयार पेन मिळतं. आपल्याकडे ते सहजी मिळत नाही, म्हणून काचेची कुपी फोडायची, सिरिंजमध्ये ओढायचं आणि मांडीच्या बाहेरच्या बाजूला, गरज पडली तर कपड्यावरूनच, टोचायचं. हिरामण केळ्यांवर शिकला. पाणी भरून केळ्याला टोचत बसायचा. दवाखान्यात बसलेले पेशंट बघत राहायचे, त्वचेचा हा कुठला इलाज म्हणून. पहिल्यांदा त्याने कुपीची मान फोडली तेव्हा बोट कापलं. तिसऱ्या खेपेला त्याचा हात माझ्यापेक्षा स्थिर होता. कुपी आणि सिरिंज प्लास्टिकच्या डबीत घालून तो सदऱ्याच्या खिशात ठेवायचा. तिथे आधी तंबाखूची डबी असायची, ती त्याने सोडली की दुसऱ्या खिशात घातली, ते मी विचारलं नाही.

मला वाटलं, जिंकलो.

एका रविवारी दुपारी हिरामणचा फोन आला. आवाज दबलेला. बैठक आजच होती. त्याला शेतावर पाठवून दिलं होतं. तो परत आला तर दार आतून लावलेलं. आत धूर चालला होता. मी त्याला दार तोडायला सांगितलं आणि गाडी काढली.

ते गाव मला फार लांब वाटलं. कापसाच्या शेतांवर कडक ऊन, रस्त्यावर चिटपाखरू नाही. घरासमोर माणसं उभी होती, पण कुणी बोलत नव्हतं. एवढी माणसं आणि एवढी शांतता मी मयताच्या घरीही पाहिलेली नाही. हिरामणने दार उघडायला लावलं होतं, पण दोघा भावकीतल्यांनी त्याला उंबऱ्यात धरून ठेवलं होतं. मला बघून त्यांनी वाट दिली. त्यांच्या बाजूला, दाराच्या चौकटीला धरून एक मुलगी उभी होती. मी तिला पहिल्यांदा पाहत होते, पण ओळखलं. डोळे मंगलचेच होते.

खोलीत धूप आणि जाळलेल्या सुक्या मिरच्यांचा ठसका होता. मंगल मधोमध बसलेली, केस मोकळे. भगताच्या हातात कडुलिंबाच्या ओल्या डहाळ्या. त्या जिथे जिथे बसल्या होत्या तिथे तिथे तिच्या दंडांवर, मानेवर डाग उठले होते, काही एकमेकांत मिसळून मोठे झाले होते. तिची कातडी जागोजाग वर आली होती आणि मी बघत असताना आणखी येत होती. तोंड कुंकवासारखं लाल. भगताने मारणं थांबवलं होतं. तो तिच्याकडे टक लावून बघत होता. इतकी वर्षं तो जे आहे म्हणून सांगत आला होता, ते त्याला बहुधा पहिल्यांदाच दिसत होतं.

मंगलने मान वर केली. तिने मला ओळखलं.

"ताई," ती म्हणाली, "मन्हा मांगे कोनी तरी उभं शे."

मी तिच्या मागे बघितलं. मला माहीत होतं की तिथे कुणी नाही. ती जाणीव कोसळत्या रक्तदाबाची आहे, हेही माहीत होतं. तरी बघितलं. तिथे भिंत होती आणि भिंतीला लागून धूर साचून उभा होता. खोलीतल्या सगळ्यांनी माझ्याबरोबर तिकडेच बघितलं, हे मला नंतर जाणवलं. पुस्तकात त्या भीतीचं कारण दिलेलं आहे. ती पाठीमागूनच का येते, ते दिलेलं नाही.

मंगल एका कुशीवर कलंडली. लाल चेहरा बघता बघता राखेसारखा झाला.

मी हिरामणला हाक मारली. ज्यांनी त्याला धरलं होतं त्यांचे हात आपोआप सुटले. मी तिचे पाय धान्याच्या पोत्यावर उचलून ठेवले, खिडकी उघडायला सांगितली. नाडी सापडली, दोऱ्यासारखी. हिरामणने डबी काढली, कुपीची मान एका झटक्यात मोडली, औषध ओढलं आणि लुगड्यावरून मांडीत टोचलं. एकदाही त्याने माझ्याकडे विचारायला बघितलं नाही. मग तिच्या उशाशी बसून तिचं नाव घेत राहिला. मोठ्याने नाही, शेजारी झोपलेल्या माणसाला उठवावं तसं.

पहिल्याने भागलं नाही. दुसरं इंजेक्शन मी दिलं. त्या मधल्या वेळात खोलीत कुणी हललं नाही. मग माझ्या बोटाखाली नाडी भरत आली, ओठांवर रंग आला आणि मंगलने डोळे उघडले. या वेळी ती उठून बसली तेव्हा कुणी पळालं नाही. कारण सगळ्यांनी बघितलं होतं की तिला परत आणणारा हात हिरामणचा होता.

नाना भिंतीजवळ बसले होते. त्यांनी विचारलं, आता इतका वेळ ती कुठे होती? मी म्हटलं, इथेच होती, नाना. कुठेही गेली नव्हती. रक्त हातापायांत अडकलं होतं, डोक्याला पोचत नव्हतं, म्हणून तिला तुम्ही दिसत नव्हता. नाना उठले, माठातून तांब्याभर पाणी आणलं. मंगलला दिलं. ती प्यायल्यावर तांब्यात उरलेलं पाणी सगळ्यांसमोर स्वतः प्यायले.

तिला आम्ही धुळ्याला आणून दोन दिवस दाखल केलं, कारण असा झटका उलटून परत येऊ शकतो. भगत पुढे काही महिन्यांनी माझ्याकडे आला, तळहात फुटलेले घेऊन. बिब्बा हाताळून तसं होतं. मी मलम दिलं. त्याने त्या दिवसाचा विषय काढला नाही, मीही नाही. जाताना मात्र मंगलच्या गोळ्या चालू आहेत ना, असं विचारून गेला.

त्यानंतर जुन्या गोष्टींकडे मी वेगळ्या नजरेने बघायला लागले. आमच्या खानदेशात गावोगाव अशी एखादी बाई ऐकायला मिळते, जी मरून परत आली आणि मग फार दिवस टिकली नाही. तिच्या अंगावर डाग होते का, हे आता कोण सांगणार? सगळ्यांनाच काही हा रोग नसणार. पण एखादीला असेल. तिच्याकडे तिचीच माणसं कशी बघत असतील, याचा विचार मनात आला की मला हातातलं काम ठेवून द्यावं लागतं.

मंगल बरी आहे. डाग आहेतच; ते जाणार नाहीत. छोटे झटके येतात, मोठा पुन्हा आलेला नाही. पूनम आईच्या खोलीत परत कधी गेली, ते मला नक्की माहीत नाही. मंगलने सांगितलं ते एवढंच, की एक दिवस ती भाकरी थापत असताना पोरगी मागून येऊन पाठीला टेकून बसली.

पुढच्या वर्षी मंगल पूनमला घेऊन आली. पोरीच्या गालावर फिकट पांढरा चट्टा होता. या वयात पुष्कळ मुलांना येतो, आपोआप जातो. मी साधं मलम लिहून देत होते तेव्हा पूनमने विचारलं, आईला आहे तो रोग मला पण होईल का? हा प्रश्न आई-बापांच्या डोळ्यांत मी आयुष्यभर पाहिला आहे, म्हणून उत्तर तयार होतं. मी तिला म्हटलं की हा रोग सहसा आईकडून मुलांकडे जात नाही. तुझ्या अंगावर एकही तसा डाग नाही. तू घाबरू नको.

ती घाबरलेली नव्हतीच. तिचं तोंड उतरलं. थोडा वेळ टेबलाच्या कडेवर बोट फिरवत राहिली.

"मंग ती तठे एकलीच जास का?" तिने विचारलं. मग मला नीट समजलं नसेल असं वाटून पुढे म्हणाली, "माले व्हयनं ते मी बी संगे जासू. हात धरीसन लई येसू तिले."

आपल्यालाही रोग झाला तर आईबरोबर तिकडे जाऊन तिला हात धरून परत आणता येईल, असा तिचा हिशेब होता. आई कुठेही जात नाही, हे मी नानांना सांगितलं होतं तसं तिलाही सांगायला हवं होतं. रक्त, मेंदू, पहारेकरी, सगळं माझ्या जिभेवर होतं. मंगलने मला नजरेनेच थांबवलं. तिने पोरीला जवळ ओढलं, बाही वर केली आणि आपला दंड तिच्यापुढे धरला. पूनमने एका डागावर बोट ठेवलं, अगदी हलकं, आणि चोळलं नाही. नुसतं ठेवलं.

डाग उठला नाही. आम्ही तिघी बघत बसलो.